कूचबिहार : सीमेवरचे एक राज्य आणि त्याची माणसे

इ.स. १५८३ मध्ये राल्फ फिच नावाचा एक इंग्रज व्यापारी पोर्तुगीजांचा कैदी म्हणून गोव्यात आणला गेला. हेरगिरीचा संशय हे कारण होते. जामिनावर सुटका होताच तो व त्याचे सोबती १५८४ मध्ये तेथून निसटले आणि बेळगाव, विजापूर, गोवळकोंडा अशी मजल दरमजल करीत अकबर बादशहाच्या राज्यात गेले. पुढे फिच एकटाच गंगेच्या प्रवाहाबरोबर बंगालमध्ये उतरला आणि तांडा शहरापासून उत्तरेस पंचवीस दिवसांचा प्रवास करून ‘कूच’ नावाच्या देशात पोहोचला. तेथे रेशीम, कस्तुरी आणि सुती कापड विपुल आहे, हे त्याच्या व्यापारी नजरेने टिपलेच. परंतु त्याला खरे आश्चर्य वाटले ते निराळ्याच गोष्टीचे. हे लोक कोणत्याही जिवाची हत्या करीत नाहीत, शेळ्या-मेंढ्या, कुत्री, मांजरे व पक्षी यांच्यासाठी त्यांची रुग्णालये आहेत, म्हातारी व लंगडी जनावरे ते मरेपर्यंत सांभाळतात, इतकेच नव्हे तर मुंग्यांनाही अन्न घालतात, असे त्याने नोंदवून ठेवले आहे.

पांजरपोळ ज्यांच्या परिचयाची आहे त्या वाचकांना हे वर्णन वाचून आपल्याच घरची वार्ता ऐकल्यासारखे वाटेल. तथापि हे लोक जैन होते असे म्हणण्यास कोणताही आधार नाही. फिचने त्यांना केवळ मूर्तिपूजक म्हटले आहे. शिवाय त्याच वर्णनात पुढे असेही आहे की, या देशाच्या भूमीत दोन्ही टोके अणकुचीदार केलेले बांबू सर्वत्र रोवलेले असत, युद्धप्रसंगी पाणी सोडून गुडघ्याहून अधिक खोलीपर्यंत जमीन बुडविता येई, आणि शत्रूसाठी पाण्यात विषही कालविले जाई. मुंगीला साखर घालणारा आणि शत्रूच्या पायाखाली बांबूचे खिळे पेरणारा समाज एकच होता. सीमेवर राहणाऱ्या लोकांना ही दोन्ही कामे करावी लागतात.

हा ‘कूच’ देश म्हणजेच कूचबिहार. क्रिकेटच्या कूचबिहार करंडकामुळे हे नाव महाराष्ट्रात घरोघरी ठाऊक आहे, पण ते नाव ज्या भूमीचे, तिची ओळख फारशी नाही. उत्तरेस भूतानचे डोंगर, पूर्वेस आसाम, दक्षिणेस व पश्चिमेस बंगालचे सपाट मैदान आणि मधून वाहणाऱ्या तिस्ता, जलढाका, तोर्सा, कालजानी, रायडाक या पात्र बदलणाऱ्या नद्या, असा हा प्रदेश आहे. इंग्रजी अमदानीतील या संस्थानाचे क्षेत्रफळ अवघे १,३०० चौरस मैलांच्या आसपास, म्हणजे कोल्हापूर संस्थानाच्या निम्म्याहूनही कमी होते. त्याच्या राजाला तेरा तोफांची सलामी होती. परंतु सोळाव्या शतकात याच गादीचा अंमल ब्रह्मपुत्रेच्या खोऱ्यात दूरवर पोहोचला होता.

राज्याची उभारणी

कोच राज्याच्या आधी येथे कामतापूर नावाचे राज्य होते. खेन वंशातील शेवटचा राजा नीलांबर याचा बंगालचा सुलतान अलाउद्दीन हुसेन शाह याने पंधराव्या शतकाच्या अखेरीस पराभव केला. गोसानीमारी येथील मातीचे प्रचंड टेकाड त्या राजधानीची आठवण देत आजही उभे आहे. सुलतानाला हा मुलूख जिंकता आला, पण राखता आला नाही. त्या पोकळीत लहान लहान सरदार डोके वर काढू लागले, आणि त्यांपैकी एकाने, विश्वसिंहाने, इ.स. १५१५ च्या सुमारास इतरांना एकत्र करून राज्य स्थापिले. त्याचा पिता हरिया मंडल हा मेच जमातीचा मुखिया आणि माता कोच जमातीची होती. राज्य स्थिरावल्यावर ब्राह्मण आले, वंशावळ तयार झाली आणि विश्वसिंह हा साक्षात शिवाचा पुत्र ठरला. राजपदाला धर्माची मान्यता मिळविण्याची ही रीत केवळ त्याच मुलखाची नव्हे. परंतु वनवासी जमातीतून निघालेल्या एका घराण्याने पुढे सव्वाचारशे वर्षे गादी राखली, ही गोष्ट वंशावळीपेक्षा अधिक मोलाची आहे.

विश्वसिंहाचा पुत्र नरनारायण आणि त्याचा धाकटा भाऊ शुक्लध्वज यांच्या काळात हे राज्य वैभवाला पोहोचले. शुक्लध्वज सेनापती होता. शत्रूवर घारीसारखी झडप घालणारा म्हणून लोक त्याला ‘चिलाराय’ म्हणत. इ.स. १५६२ च्या मोहिमेत कोच सैन्याने आहोम राज्याची राजधानी गाठली आणि पाठोपाठ काचारी, मणिपूर, जयंतिया, त्रिपुरा या राज्यांवर वर्चस्व बसविले. राजा नरनारायणाने इ.स. १५५५ मध्ये आहोम राजाला लिहिलेले एक पत्र उपलब्ध आहे. बंगाली आणि असमिया या दोन्ही भाषांचे अभ्यासक ते आपापल्या गद्याचा आद्य नमुना मानतात. त्याच वर्षाची त्याची चांदीची नाणीही सापडली आहेत. ‘नारायणी’ या नावाने ही नाणी पुढे शेजारच्या भूतानच्या व्यापारातही चालत असत. व्यापाऱ्याच्या दृष्टीने पाहता, ज्या राज्याचे नाणे परमुलखात बिनतक्रार स्वीकारले जाते त्याची पत खरी, मग त्याचा विस्तार कितीही लहान असो.

गुवाहाटीजवळच्या नीलाचल टेकडीवरील कामाख्या देवीचे मंदिर भग्नावस्थेत होते. ते याच दोघा बंधूंनी इ.स. १५६५ मध्ये नव्याने उभारले. विशेष असे की, पुढे काही कारणाने देवीचा शाप झाला अशी समजूत रूढ झाली आणि ज्या घराण्याने मंदिर बांधले त्याच घराण्यातील व्यक्ती कामाख्येचे दर्शन घेईनाशा झाल्या.

वृंदावनी वस्त्र

आसामातील थोर वैष्णव संत श्रीमंत शंकरदेव आहोम राज्यातून निघून कोच राज्यात येऊन राहिले होते. कर्मकांडाला गौण मानणाऱ्या त्यांच्या नामधर्मामुळे पुरोहितवर्गाने राजाकडे तक्रार केली. राजा नरनारायणाने शंकरदेवांना दरबारात बोलावून घेतले, त्यांचे म्हणणे ऐकले आणि त्यांना आश्रय दिला. चिलाराय तर त्यांचा अनुरागीच झाला. वृंदावनातील श्रीकृष्णाच्या बाललीला आपल्याला डोळ्यांनी पाहता याव्यात, अशी इच्छा त्याने व्यक्त केली आणि त्यातून शंकरदेवांनी ‘वृंदावनी वस्त्र’ विणवून घेतले, अशी परंपरा आहे. बरपेटाजवळच्या तांतीकुचीच्या विणकरांनी मथुरादास बुढा आता यांच्या देखरेखीखाली हे काम केले. वस्त्राची लांबी एकशे वीस हात व रुंदी साठ हात होती, असे चरित्रग्रंथांत सांगितले जाते.

या विणकामाची थोडी माहिती येथे देणे अस्थानी होणार नाही. आपल्या पैठणीच्या पदरावरील नक्षी बाण्याच्या रंगीत धाग्यांनी, हाताने एकेक धागा गुंफून उठविली जाते. वृंदावनी वस्त्रांची रीत वेगळी आहे. त्यांत ताणे दोन असतात. एका ताण्यावर कापडाची जमीन विणली जाते आणि दुसरा ताणा नक्षीचा बाणा धरून ठेवतो. त्यामुळे चित्रे कापडावर काढल्यासारखी न दिसता कापडातूनच उमटल्यासारखी दिसतात. रेशमावर कालियामर्दन, बकासुरवध यांसारखे प्रसंग ओळीने विणलेले, आणि त्यांच्यामध्ये अक्षरांच्या पट्ट्या. अशा मागावर अक्षर विणणे म्हणजे काय, हे ज्याने माग चालताना पाहिला आहे त्यालाच उमगेल. आसामात ही कला आता लोप पावली आहे.

चिलारायासाठी विणलेले मूळ वस्त्र आज कोठेही नाही. परंतु त्याच परंपरेतील, सतराव्या शतकाच्या उत्तरार्धातील एक भव्य वस्त्र लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. बारा पट्ट्या जोडून ते केलेले असून त्याची लांबी नऊ मीटरहून अधिक आहे. ते आसामातून किंवा कूचबिहारातून तेथे गेले नाही. इ.स. १९०४ मध्ये इंग्रजांची फौज तिबेटात शिरली तेव्हा तिच्याबरोबर असलेल्या पर्सिव्हल लँडन या वार्ताहराला ते ग्यांत्सेच्या परिसरातील गोबशी या ठिकाणी मिळाले आणि त्याने पुढच्याच वर्षी ते संग्रहालयाला दिले. आसामच्या मागावरचे कृष्णचरित्र हिमालय ओलांडून एका बौद्ध मठात कसे पोहोचले असेल? त्याचे उत्तर कूचबिहारच्या भूगोलात आहे. भूतानमार्गे तिबेटकडे जाणाऱ्या व्यापाराच्या वाटा याच मुलखातून निघत. राजांच्या मोहिमा थांबल्या तरी घोड्यांच्या व खेचरांच्या पाठीवरचे गाठोडे चालतच राहिले.

शंकरदेवांनी इ.स. १५६८ मध्ये कूचबिहारजवळच भेलाडांगा येथे देह ठेवला. त्यांचे पट्टशिष्य माधवदेव यांचाही अंत याच राज्यात झाला. मधुपूर येथील सत्रात आसामातून भाविक आजही येतात.

दोन बलाढ्य शेजारी, मग तिसरा

नरनारायणाच्या हयातीतच, इ.स. १५८१ मध्ये, राज्याची वाटणी झाली. संकोश नदीच्या पूर्वेचा भाग चिलारायाचा पुत्र रघुदेव याला मिळाला व पश्चिमेचा भाग मूळ गादीकडे राहिला. भाऊबंदकीत दोन्ही घरे दुबळी झाली. पूर्वेचा भाग काही दशकांतच मोगल व आहोम यांच्या झगड्यात गिळला गेला. पश्चिमेकडील राज्य मात्र मांडलिकत्व पत्करीत, नाकारीत, पुन्हा पत्करीत टिकून राहिले. इ.स. १६६१ च्या डिसेंबरात औरंगजेबाचा सेनापती मीर जुमला याने राजधानी घेतली व तिचे नाव ‘आलमगीरनगर’ ठेवले. राजा प्राणनारायण भूतानच्या डोंगरात गेला, आणि मीर जुमला आसामच्या चिखलात रुतलेला पाहताच खाली उतरून त्याने आपली गादी परत घेतली. आलमगीरनगर हे नाव कागदावरच राहिले.

भूतानचा आश्रय फुकट नव्हता. अठराव्या शतकात भूतानचा हात राज्यकारभारात इतका खोल गेला की, गादीवर कोणी बसावे हेही तेथूनच ठरू लागले. इ.स. १७७२ मध्ये भूतानी लोकांनी राजा धैर्येंद्रनारायण याला पकडून नेले. तेव्हा राज्यातील मुत्सद्द्यांनी ईस्ट इंडिया कंपनीकडे धाव घेतली. ५ एप्रिल १७७३ रोजी तह झाला. कंपनीने सैन्य पाठवून भूतानींना हुसकावले आणि त्या बदल्यात राज्याने कंपनीचे सार्वभौमत्व व वार्षिक वसुलाचा निम्मा हिस्सा देणे कबूल केले. हा हिस्सा पुढे सुमारे ६७,७०० रुपयांवर कायम करण्यात आला. इ.स. १७७४ च्या तहानंतर राजा सुटून आला. आपल्या सुटकेची किंमत म्हणून राज्याचे स्वातंत्र्य गेले हे कळल्यावर त्याला आनंद न होता विषाद वाटला, असे परंपरेने सांगितले जाते. हिशेब त्याला बरोबर समजला होता. लूट एकदा होते व संपते, पण निम्म्या वसुलीचा करार दरवर्षी भरावा लागतो.

याच प्रकरणात मध्यस्थी करणारे पत्र तिबेटच्या पंचेन लामांनी वॉरन हेस्टिंग्जला लिहिले, आणि त्यातूनच जॉर्ज बोगलच्या तिबेट प्रवासाला चालना मिळाली. एका लहान राज्याच्या राजाचे अपहरण कोलकाता व तिबेट यांच्यातील पत्रव्यवहाराला निमित्त झाले.

एक विवाह आणि दुसरा विवाह

राजा नृपेंद्रनारायण अवघा दहा महिन्यांचा असताना, इ.स. १८६३ मध्ये, गादीवर आला. इंग्रजांच्या देखरेखीखाली वाढलेल्या या राजाला सुशिक्षित वधू हवी म्हणून ब्राह्मो समाजाचे विख्यात नेते केशवचंद्र सेन यांची कन्या सुनीती हिची निवड झाली. केशवचंद्र हे महाराष्ट्राला अपरिचित नव्हते. इ.स. १८६४ मधील त्यांच्या मुंबईतील व्याख्यानांची प्रेरणा प्रार्थना समाजाच्या स्थापनेमागे होती. ज्या इ.स. १८७२ च्या कायद्यासाठी त्यांनी जिवाचे रान केले, त्यात वधूचे किमान वय चौदा व वराचे अठरा ठरले होते. ६ मार्च १८७८ रोजी त्यांच्या स्वतःच्या कन्येचा विवाह झाला, तेव्हा ती चौदा वर्षांची झाली नव्हती आणि वर पंधरा वर्षांचा होता. संस्थानात तो कायदा लागू नव्हता, हे खरे. पण अनुयायांना हे उत्तर पटले नाही. दोन महिन्यांतच ‘साधारण ब्राह्मो समाज’ वेगळा निघाला. सुधारकाला कायद्याची पळवाट शोभत नाही, हा अनुयायांचा आक्षेप आजही खोडून काढता येत नाही.

आणि तरीही त्या विवाहातून त्या मुलखाचे कल्याणच झाले, हेही नमूद केले पाहिजे. नृपेंद्रनारायण व सुनीतीदेवी यांच्या काळात मुलींची शाळा निघाली, इ.स. १८८८ मध्ये व्हिक्टोरिया कॉलेज सुरू झाले आणि थोर तत्त्वज्ञ ब्रजेंद्रनाथ सील तेथे अनेक वर्षे प्राचार्य होते. इ.स. १८८७ मध्ये बांधलेला विटांचा विशाल राजवाडा आज भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाकडे आहे. सुनीतीदेवींचे इंग्रजी आत्मचरित्र इ.स. १९२१ मध्ये प्रसिद्ध झाले.

दुसरा विवाह आपल्या अधिक जवळचा आहे. बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड यांची कन्या इंदिराराजे हिचा विवाह ग्वाल्हेरचे माधवराव शिंदे यांच्याशी ठरला होता. मराठेशाहीतील दोन अग्रगण्य घराण्यांचा हा संबंध. सर्व सिद्धता झाली होती. इ.स. १९११ च्या डिसेंबरातील दिल्ली दरबारात इंदिराराजांची कूचबिहारचे राजपुत्र जितेंद्रनारायण यांच्याशी भेट झाली आणि कोणालाही न सांगता त्यांनी ग्वाल्हेरला पत्र लिहून विवाहास नकार कळविला. या पत्राचा अर्थ काय, अशी ग्वाल्हेरची तार आली तेव्हा आईवडिलांना ही वार्ता समजली. स्त्रीशिक्षणाचा एवढा पुरस्कार करणाऱ्या सयाजीरावांनाही आपल्या शिकलेल्या मुलीचा निर्णय स्वीकारणे जड गेले. अखेर इ.स. १९१३ मध्ये लंडन येथे हा विवाह ब्राह्मो पद्धतीने झाला. वधूचे आईवडील उपस्थित नव्हते. केशवचंद्रांच्या घरात मुलीच्या वतीने पित्याने निर्णय घेतला, गायकवाडांच्या घरात मुलीने पित्याच्या विरोधात घेतला. दोघी एकाच राजवाड्यात सासू-सून म्हणून नांदल्या.

विवाहानंतर थोड्याच आठवड्यांत थोरले बंधू राजराजेंद्रनारायण निवर्तले आणि जितेंद्रनारायण महाराज झाले. डिसेंबर १९२२ मध्ये तेही गेले. तिशीतील इंदिरादेवींवर पाच मुले आणि एक राज्य यांचा भार आला. पुत्र जगद्दीपेंद्रनारायण सज्ञान होईपर्यंत, इ.स. १९३६ पर्यंत, त्यांनी रीजंट म्हणून कारभार पाहिला. त्यांच्या खर्चिकपणाच्या कथा पुष्कळ आहेत. इटलीतील फेरागामो या कारागिराकडे एका वेळी शंभर जोड पादत्राणांची मागणी नोंदविल्याची कथा प्रसिद्धच आहे. कापडाच्या व्यापारात मात्र त्यांचे नाव वेगळ्या कारणाने घेतले जाते. विधवेच्या पांढऱ्या वस्त्रासाठी त्यांनी फ्रान्समध्ये साडीच्या पन्ह्याचे शिफॉन विणवून घेतले व तेथूनच शिफॉनच्या साडीची चाल हिंदुस्थानात रूढ झाली, असे मानले जाते. पुढे ज्या शिफॉनने देशभरातील दुकानांचे फळे भरून गेले, त्याचा उगम बडोद्याच्या लेकीच्या आवडीत होता. त्यांची कन्या गायत्रीदेवी जयपूरच्या महाराणी झाल्या हे सर्वश्रुत आहे. दुसरी कन्या मेनकादेवी देवासच्या पवार घराण्यात आली, म्हणजे मराठ्यांचा हा धागा पुन्हा मराठ्यांकडे परतला.

राजवंशी कोण?

राजांविषयी इतके लिहिल्यावर प्रजेविषयी लिहिणे प्राप्त आहे. येथील बहुसंख्य समाज राजवंशी. कोच आणि राजवंशी एक की दोन, हा वाद शतकाहून जुना आहे. इ.स. १८९१ च्या जनगणनेच्या वेळी राजवंशींनी आपली नोंद कोचांपासून वेगळी व्हावी यासाठी चळवळ केली. या चळवळीला पुढे पंचानन बर्मा यांच्या रूपाने नेता मिळाला. माथाभांगाजवळच्या खलिसामारी गावी जन्मलेले (१८६६) पंचानन बर्मा एम.ए. व वकील झाले. रंगपूरच्या न्यायालयात वकिली करताना एका उच्चवर्णीय सहकाऱ्याने, त्यांनी डोक्यावर चढविलेली टोपी पुन्हा वापरण्यास नकार दिला, असा प्रसंग त्यांच्या चरित्रात सांगतात. इ.स. १९१० मध्ये त्यांनी क्षत्रिय समिती स्थापिली आणि इ.स. १९१३ मध्ये करतोया नदीच्या काठी असंख्य राजवंशींचे सामुदायिक उपनयन झाले. जानव्याने मान मिळाला, पण नोकरी व शिक्षण मिळाले नाही. तेव्हा त्याच समाजाने पुढे अनुसूचित जातींच्या यादीत समावेश स्वीकारला. क्षत्रियत्वाचा दावा आणि मागासलेपणाची सवलत यांत विसंगती आहे असे दुरून वाटते. ज्याची टोपी नाकारली गेली त्याला ती तशी वाटली नसेल.

राजवंशींखेरीज नश्य शेख म्हणून ओळखले जाणारे मुसलमान आहेत. त्यांची बोली, शेती व गाणी राजवंशींचीच. ‘भावैया’ या गाडीवानांच्या व विरहिणींच्या गीतप्रकाराला सर्वदूर नेणारे अब्बासुद्दीन अहमद इ.स. १९०१ मध्ये याच संस्थानातील बलरामपूर गावी जन्मले. मेच, राभा या जुन्या जमाती आहेत. तंबाखू आणि ताग यांच्या व्यापारासाठी बिकानेर, चुरू या भागांतून आलेली ओसवाल कुटुंबे दिनहाटा व कूचबिहारच्या बाजारपेठांत पिढ्यान्‌पिढ्या स्थायिक झाली आहेत. पूर्व बंगालमधून आलेल्यांना स्थानिक लोक ‘भाटिया’ म्हणत, म्हणजे नदीच्या उताराकडील मुलखातून आलेले. १९४७ नंतर निर्वासितांचा लोंढा आला आणि जमिनीवर व भाषेवर कोणाचा हक्क, हा प्रश्न तीव्र झाला.

छिटमहाल

महाराज जगद्दीपेंद्रनारायण यांनी २८ ऑगस्ट १९४९ रोजी विलीनीकरणाच्या करारावर सही केली. १२ सप्टेंबरला कारभार भारत सरकारकडे आला आणि १ जानेवारी १९५० पासून कूचबिहार हा पश्चिम बंगालचा एक जिल्हा झाला. संस्थान संपले. पण संस्थानाच्या दप्तरातील एक जुने खाते उघडेच राहिले, आणि त्याची झळ पन्नास हजारांहून अधिक माणसांना पुढील साडेसहा दशके सोसावी लागली.

कूचबिहारच्या राज्याचे तुकडे मोगलांच्या रंगपूर परगण्यात आणि मोगलांचे तुकडे कूचबिहारात विखुरलेले होते. कूचबिहारचा राजा व रंगपूरचा फौजदार बुद्धिबळात गावे पणाला लावीत, म्हणून असे झाले, ही लोककथा सर्वत्र सांगितली जाते. ती रंजक आहे, पण खरी नाही. इ.स. १७११ ते १७१३ च्या दरम्यान झालेल्या तहात बोदा, पाटग्राम व पूर्वभाग या चकल्यांवरचा हक्क राज्याने सोडला. तरी त्यांतील काही बळकट जमीनदार कूचबिहारशी एकनिष्ठ राहिले व मोगलांना त्यांना हलविता आले नाही. उलट काही मोगल शिपायांनी कूचबिहारात जमिनी धरून ठेवल्या व ते बादशहाला निष्ठ राहिले. सारा कोणाकडे भरायचा, एवढाच त्या काळी या भेदाचा अर्थ होता. माणसे व गुरे इकडून तिकडे मोकळेपणी जात होती.

१९४७ मध्ये रॅडक्लिफने ब्रिटिश बंगालची फाळणी केली. कूचबिहार ब्रिटिश मुलूख नसल्याने त्याच्या तुकड्यांना त्याने हात लावला नाही. संस्थान भारतात येताच ते तुकडे भारताचे झाले, आणि रंगपूरचे तुकडे पाकिस्तानचे, पुढे बांगलादेशाचे. अशा रीतीने बांगलादेशाच्या पोटात भारताचे १११ आणि भारताच्या पोटात बांगलादेशाचे ५१ भूखंड राहिले. त्यांनाच ‘छिटमहाल’ म्हणतात. दहाला खागराबाडी नावाचे पावणेदोन एकरांचे एक शेत तर असे होते की, ते भारताचे. त्याच्या भोवती बांगलादेशाचे गाव. त्या गावाभोवती पुन्हा भारताचे गाव. आणि त्याच्या भोवती बांगलादेश. जगात याला दुसरी तोड नव्हती.

छिटमहालात राहणे म्हणजे काय, याचा विचार शांतपणे करावा. शाळा नाही, दवाखाना नाही, वीज नाही, पोलीस नाही. मतदान नाही. आपल्या देशात जायचे तर परदेशातून जावे लागे, आणि परदेशात शिरण्यासाठी लागणारे पारपत्र आपल्या देशात गेल्यावाचून मिळत नसे. मुलाला शेजारच्या भारतीय शाळेत घालण्यासाठी पिता म्हणून दुसऱ्याच गावच्या माणसाचे नाव लिहावे लागे; प्रसूतीसाठी दवाखान्यात गेलेल्या स्त्रीला पती म्हणून परक्याचे नाव सांगावे लागे. कागदावर खोटे बोलल्याशिवाय ज्यांना औषधही मिळत नव्हते, त्यांच्यावर खोटेपणाचा दोष कोणी ठेवावा?

दोन्ही सरकारांना हा प्रश्न कळत नव्हता असे नाही. १९५८ मध्ये पंडित नेहरू व फिरोझखान नून यांच्यात देवाणघेवाणीचा करार झाला. तो न्यायालयात व बेरुबारीच्या वादात अडकला. १६ मे १९७४ रोजी इंदिरा गांधी व शेख मुजीबुर रहमान यांनी पुन्हा करार केला. त्यातील तीन बिघा ही चिंचोळी वाट खुली होण्यास १९९२ उजाडले. अखेर मे २०१५ मध्ये संसदेने शंभरावी घटनादुरुस्ती संमत केली आणि ३१ जुलै २०१५ च्या मध्यरात्री छिटमहालांची अदलाबदल झाली. भारताने सुमारे १७,१६० एकर दिले व ७,११० एकर घेतले. २०११ च्या संयुक्त शिरगणतीनुसार या सर्व भूखंडांत एकावन्न हजारांवर माणसे राहत होती. जमीन अधिक गेली म्हणून कुरकुर झाली. परंतु जी जमीन आपल्याला कसता येत नव्हती, मोजता येत नव्हती आणि जिच्यावर पाय ठेवता येत नव्हता, ती ताळेबंदात धरणे ही नुसती कागदी मालमत्ता होती.

कोणते नागरिकत्व घ्यावे, याची निवड माणसांवर सोडण्यात आली. भारतातील बांगलादेशी छिटांतून एकही जण तिकडे गेला नाही; चौदा हजारांवर लोक होते तेथेच भारतीय झाले. बांगलादेशातील भारतीय छिटांतून नऊशेहून थोडे अधिक लोक घरदार सोडून भारतात आले आणि दिनहाटा, मेखलीगंज व हल्दीबाडी येथील तात्पुरत्या छावण्यांत पत्र्याच्या खोल्यांत राहिले. तात्पुरता हा शब्द बराच लांबला. २०१६ च्या विधानसभा निवडणुकीत छिटवासीयांनी आयुष्यात प्रथमच मतदान केले. त्यांत वयोवृद्धही होते.

विलीनीकरणाविषयीचा जुना रोष मात्र शमलेला नाही. वेगळ्या कामतापूरची मागणी, ग्रेटर कूचबिहारची चळवळ ही त्याचीच रूपे. २० सप्टेंबर २००५ च्या आंदोलनात तीन पोलीस व दोन आंदोलक असे पाच जण प्राणास मुकले. २०१२ मध्ये पंचानन बर्मा यांच्या नावाने विद्यापीठ स्थापन झाले, २०१८ मध्ये राज्याने कामतापुरी व राजवंशी या भाषांना शासकीय भाषांचा दर्जा दिला. दहाग्राम-अंगारपोता हे बांगलादेशी छिट मात्र करारानुसार तसेच राहिले असून तेथील लोक तीन बिघाच्या भारतीय वाटेवरून ये-जा करतात.

कूचबिहार शहरात मदनमोहनाचे शुभ्र मंदिर आहे. रासपौर्णिमेला तेथे मोठी यात्रा भरते. तिची सुरुवात इ.स. १८१२ मध्ये भेटागुडी येथे झाली असे मानतात. पूर्वी महाराज स्वतः रासचक्र फिरवून यात्रेचा आरंभ करीत. बांबू व कागदाच्या नक्षीचे हे उंच चक्र दिसायला ताबूतासारखे आणि फिरवायला बौद्धांच्या प्रार्थनाचक्रासारखे आहे. ते तयार करण्याचे काम पिढ्यान्‌पिढ्या एका मुसलमान कुटुंबाकडे आहे. महाराज गेल्यावर पहिले चक्र फिरविण्याचा मान जिल्हाधिकाऱ्यांकडे आला, आणि त्यांच्यामागून रांगेतला प्रत्येक जण ते फिरवितो.